बांध, वाट आणि विहीर: समोरचा बोलतच नसेल तर बोलणी कशी करायची?

प्रश्न थोडक्यात असा आहे. आजोबांनी दोन मुलांना तोंडी वाटणी करून दिली. ते दोघे होते तोवर कुरबुर झाली नाही. आता दोघेही गेले आणि पुढच्या पिढीतले दोन चुलत भाऊ एकमेकांचं तोंड पाहत नाहीत. प्रश्न विचारणारे चाकणला कंपनीत नोकरीला आहेत, शेत वाट्याने दिलेलं आहे. गावातल्या चुलत भावाने ट्रॅक्टरने बांध कोरला, मागच्या तुकड्याकडे जाणारी गाडीवाट काटे टाकून बंद केली, सामाईक विहिरीच्या पाण्याच्या पाळीवरून शिवीगाळ झाली आणि दोन्हीकडून पोलीस ठाण्यात अदखलपात्र तक्रारी झाल्या. त्यात मागचा तुकडा कसतात हे, पण सातबारा त्याच्या वडिलांच्या नावे, आणि पुढच्या तुकड्याचं नेमकं उलटं. आत्यांची नावं सातबाऱ्यावर कधी लागलीच नाहीत. ते विचारतात, "सगळे म्हणतात बसून बोला, संवादाने सुटतं. पण तो बोलायलाच तयार नाही. आणि दर वेळी मीच का पडतं घ्यायचं?"

मी तालुक्याच्या कोर्टात दिवाणी वकिली करते आणि बऱ्याच वर्षांपासून कोर्टाच्या मध्यस्थी केंद्रात मध्यस्थ म्हणूनही बसते. माझ्यापुढे येणाऱ्या भांडणांत भावकीची भांडणं सगळ्यात जास्त आणि भावकीत याच तीन गोष्टी सगळ्यात जास्त: बांध, वाट, पाणी. त्यामुळे उत्तर जरा लांबणार आहे.

सुटतं का? सुटतं, आणि तुमच्यासारखं प्रकरण तर सुटण्यासारखंच आहे. पण "बसून बोला" एवढ्याने काम होत नाही. बोलण्याच्या बरोबरीने दोघांनी काहीतरी करून दाखवावं लागतं, आधी थोडं, मग जास्त. जिथे नुसती बोलणी झाली, चहा झाला, गळाभेट झाली आणि प्रत्यक्षात शेतात काहीच हललं नाही, तिथली माणसं पुढच्या नांगरटीला पुन्हा माझ्यासमोर उभी राहिलेली मी पाहिली आहेत.

आधी तुमचा दुसरा प्रश्न घेते, कारण तो सुटल्याशिवाय पहिल्याला हात घालता येणार नाही. सुरुवात करणं आणि पडतं घेणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. निरोप तुम्ही पाठवला म्हणजे बांध तुम्ही सोडला असं होत नाही. कोर्टाच्या मध्यस्थी केंद्रात तर हे नियमानेच पक्कं केलेलं आहे. तिथे "मी दोन फूट सोडायला तयार आहे" असं म्हणालात आणि पुढे जमलं नाही, तर ते वाक्य तुमच्याविरुद्ध पुरावा म्हणून वापरता येत नाही. मध्यस्थालाही साक्षीला बोलावत नाहीत. 2023 च्या मध्यस्थी कायद्यानेही हीच गोपनीयता लिहून ठेवली आहे. मात्र हे संरक्षण चावडीवरच्या बोलण्याला नाही आणि व्हॉट्सअॅपला तर अजिबात नाही. भावकीच्या ग्रुपवर रागाच्या भरात टाकलेले मेसेज छापून दाव्याला जोडलेले मी कितीतरी वेळा पाहिले आहेत. म्हणून आजपासून त्या ग्रुपवर जमिनीबद्दल एक अक्षर लिहू नका.

तो का बोलत नाही याचा विचार तुमच्या पत्रात कुठेच दिसत नाही. माझ्या अनुभवात गावात राहिलेल्या भावाची एक कैफियत असते आणि ती जवळजवळ शब्दशः तीच असते: "म्हातारा-म्हातारी मी काढली, रात्री पिकाला पाण्याची दारं मी धरली, दुष्काळात टँकरमागे मी पळालो. हा दिवाळीला गाडी घेऊन येतो आणि हिशेब विचारतो." शहरात गेलेल्याचीही एक कैफियत असते: "पहिली कित्येक वर्षं माझ्या पगारातून विहिरीचं कर्ज फिटलं, त्याच्या पोराच्या ॲडमिशनला मी धावलो, ते कुणाच्या तोंडात नाही." दोन्ही खऱ्या असतात. दोघांनीही घरासाठी झिजलेलं असतं आणि समोरच्याच्या झिजण्याचा उल्लेखसुद्धा करायला दोघेही तयार नसतात. बांध हा मग राग काढायची जागा होतो.

म्हणून मध्यस्थीला बसलेल्या लोकांना मी पहिल्या बैठकीत जमिनीचा विषयच काढू देत नाही. दोघांशी वेगवेगळं बसते आणि विचारते की तुम्ही या घरासाठी काय काय केलंत. मग विचारते, समोरच्याने काय केलं. दुसऱ्या प्रश्नाला आधी "काही नाही" असंच उत्तर येतं. थोडं थांबलं की मग एखादी गोष्ट निघते. आईच्या ऑपरेशनला तो दवाखान्यात झोपला होता. बैल दगावला तेव्हा त्यानेच स्वतःचा बैल दिला होता. ती गोष्ट समोरच्याच्या कानावर गेली पाहिजे, आणि शक्यतो तुमच्या तोंडूनच. तुम्हाला मध्यस्थाशिवायही हे करता येईल. शब्द टाकताना पहिलं वाक्य बांधाचं नको, काकांच्या शेवटच्या दुखण्यात त्याने काय केलं त्याचं असू द्या. मनातून म्हणा, नाहीतर म्हणू नका. खोटं बोललेलं भावकीत लगेच कळतं.

निरोप कुणाच्या हाती पाठवायचा यावर निम्मं काम ठरतं. तुमचे सासरे नकोत, त्याचे मेहुणे नकोत, आणि निवडणुकीत कुणाच्या तरी गटात असलेला माणूस तर नकोच. दोघांना सारखीच जवळची असलेली व्यक्ती लागते. तुमच्या प्रकरणात ती उघड आहे: आत्या. ती दोघांचीही आत्या, दोघांच्याही बापांची बहीण. तिच्यासमोर दोघांनाही आवाज चढवता येत नाही.

पण इथे मला तुम्हाला स्पष्ट सांगायचं आहे. आत्याला निरोप्या म्हणून वापरायचं आणि वाटणीच्या वेळी "तुझी सही दे" म्हणून अंगठा घ्यायचा, हे करू नका. 9 सप्टेंबर 2005 पासून लागू झालेल्या दुरुस्तीने वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतकाच जन्मतः हक्क आहे. वडील त्या तारखेला हयात असायला हवेत अशी अट नाही, हे सुप्रीम कोर्टाने 11 ऑगस्ट 2020 च्या विनीता शर्मा निकालात सांगितलं. त्याच निकालात हेही आहे की नुसत्या तोंडी वाटणीचा बचाव सहज मान्य होणार नाही, त्याला सरकारी कागदांचा भक्कम आधार लागेल. तुमची वाटणी तोंडी आहे. आजोबा कधी गेले, जमीन त्यांना कुठून आली, फेरफार (मालकी बदलाच्या नोंदी) कसे झाले हे कागद पाहिल्याशिवाय आत्यांचा हिस्सा किती ते कुणी सांगू शकणार नाही. पण त्यांना वगळून तुम्ही दोघांनी केलेली दिलजमाई उद्या त्यांच्या मुलांनी मोडली तर दोष त्यांचा नसेल. आत्या बोलणीला बसतील त्या हक्कदार म्हणून. हक्क सोडायचा असेल तर तो त्यांनी स्वतः ठरवून, समजून, नोंदणीकृत हक्कसोड पत्राने सोडायचा. साडी-चोळीवर भागवायचे दिवस गेले, आणि गेले ते बरं झालं.

आता करून दाखवण्याचं. पहिली कृती लहान असावी, हक्काला धक्का न लावणारी असावी आणि समोरच्याला डोळ्यांनी दिसणारी असावी. सामाईक विहिरीच्या मोटरीचं बिल थकलं असेल तर तुमच्या हिश्श्याची रक्कम भरा आणि पावतीची प्रत आत्याकडून त्याच्याकडे पोचवा. विहिरीतला गाळ काढायचा असेल तर उन्हाळ्यात चार दिवस रजा टाकून स्वतः या, मजूर पाठवून मोकळे होऊ नका. गावात राहणाऱ्या माणसाला पैशापेक्षा हे जास्त दिसतं. मग आत्याकरवी त्याच्याकडूनही तेवढीच लहान गोष्ट मागा: सुगीपुरते वाटेवरचे काटे काढ, माल निघाला की हवं तर परत टाक. "कायमची वाट दे" असं म्हणालात की तो ते हक्क सोडणं समजून आडवा येईल. आठ-पंधरा दिवसांसाठी काटे काढायला माणूस तयार होतो. आणि एकदा काढलेले काटे परत टाकायला त्यालाही जड जातं.

बांधाकडे वळू. इथे भावना बाजूला ठेवून आधी आकडा काढा. एक गुंठा म्हणजे 33 फूट बाय 33 फूट, 1089 चौरस फूट. बांध 330 फूट लांब असेल आणि तो 3 फूट 4 इंच आत सरकला असेल, तर तुमचा गेला एक गुंठा. एकरी 40 टन ऊस धरला तर वर्षाला साधारण टनभर ऊस. हे नुकसान नगण्य आहे असं मी म्हणत नाही. जमीन जमीन असते. पण दिवाणी दाव्यात पहिल्या काही तारखांतच तेवढे पैसे जातात, आणि तुमच्या रजा, त्याचं येणं-जाणं, साक्षीदारांचे चहापाणी हे वेगळंच. हा हिशेब दोघांनाही एकाच कागदावर दाखवला की बोलण्याचा सूर थोडा खाली येतो.

हद्द ठरते ती भूमी अभिलेख कार्यालयाच्या मोजणीने. "हद्द कायम" मोजणीचा अर्ज करायचा, फी भरायची, लगतच्या खातेदारांना नोटिसा जातात, भूकरमापक (सर्व्हेअर) येऊन मोजतो आणि खुणा दाखवतो. माझं म्हणणं इतकंच की हा अर्ज एकट्याने करू नका. एकाने केलेली मोजणी दुसऱ्याला चाल करून आल्यासारखी वाटते. तो नोटीस घेत नाही, मोजणीच्या दिवशी गावाला निघून जातो, नंतर म्हणतो सर्व्हेअरला पैसे चारले, आणि रात्रीतून दगड उपटले जातात. दोघांनी मिळून अर्ज केला, फी निम्मी-निम्मी भरली आणि मोजणीला दोघेही बांधावर उभे राहिले, तर दगड सहसा जागेवर राहतात.

आणि मोजणीच्या आधी एक चिठ्ठी लिहा. माझ्या सगळ्या कामात ही चिठ्ठी मला सगळ्यात उपयोगी पडली आहे, म्हणून थोडं थांबून सांगते. हद्दीची रेघ कुठे पडणार हे अजून दोघांनाही माहीत नसतं. त्यामुळे त्या वेळी दोघेही रास्त बोलतात. रेघ एकदा पडली की ज्याचं गेलं तो रडतो आणि ज्याचं आलं तो अडून बसतो. तेव्हा आधीच ठरवायचं. रेघ उभ्या पिकातून गेली तर पीक ज्याने लावलं त्याने न्यायचं, ताबा तोडणीनंतर. खोडवा (तोडणीनंतर त्याच खुंटातून फुटणारा ऊस) ठेवायचा की नाही तेही लिहायचं, नाहीतर ऊसवाला तीन वर्षं जागा सोडत नाही. बांधावरचं झाड ज्याच्या बाजूला गेलं त्याचं, पण त्याचा वसवा (सावली) शेजारच्या पिकावर पडत असेल तर वर्षातून एकदा फांद्या छाटायच्या. पाईपलाईन दुसऱ्याच्या हद्दीत गेली तर ती उखडायची नाही, तशीच वापरू द्यायची. नवा बांध किती रुंद ठेवायचा, त्यात प्रत्येकाची किती जागा जाईल, ट्रॅक्टरवाल्याला बांधापासून किती फूट लांब नांगर धरायला सांगायचा. रेघ दोन बोटं इकडेतिकडे झाली तर ती धरायची नाही. या चिठ्ठीवर दोघांच्या आणि आत्यांच्या सह्या. पान भरभरून लिहा, मला लांब चिठ्ठी आवडते.

आपल्याकडची जुनी रीतही अशीच होती. थोरल्याने वाटे पाडायचे आणि धाकट्याने आधी उचलायचा. कुठला वाटा आपल्या पदरात पडेल हे वाटे पाडणाऱ्याला माहीत नसल्यामुळे तो वाटे सारखेच पाडायचा. विहिरीच्या पाळ्या ठरवताना, खळ्याची जागा वाटताना ही रीत मी आजही वापरते आणि लोकांना ती समजावून सांगावी लागत नाही.

पाण्याचं एक प्रकरण सांगते, ओळख लागू नये इतपत बदलून. दोन सख्खे भाऊ, विहिरीत निम्मा-निम्मा हिस्सा, मोटर एक. पाळी आठवड्याची: एक आठवडा थोरला, एक आठवडा धाकटा. धाकट्याचं म्हणणं, थोरला मुद्दाम छळतो, माझ्या पाळीला नेहमी काहीतरी होतं. थोरल्याचं म्हणणं, हा आळशी आहे, पाळी असून भिजवत नाही आणि मग माझ्या पाळीत मोटर चालू करतो. त्यावरून स्टार्टरच्या पेटीचं कुलूप फोडलं गेलं, हाणामारी झाली, दोघी जावांचं बोलणं बंद झालं. बैठकीत भांडणाचं कारण विचारून काही हाती लागेना. मग मी धाकट्याला विचारलं, गेल्या पाळीत पाणी कधी धरलं, दिवस आणि वेळ सांग. तो म्हणाला, रात्री. त्याच्या आधीच्या पाळीत? रात्रीच. थोरल्याला विचारलं. त्याच्या सगळ्या पाळ्या दिवसा. त्या भागात शेतीपंपांची लाईट एक आठवडा दिवसा आणि एक आठवडा रात्री अशी फिरत होती. पाळीही आठवड्याची, लाईटही आठवड्याची. त्यामुळे एकाच्या वाट्याला कायम दिवस आणि दुसऱ्याच्या वाट्याला कायम रात्र. धाकट्याची बायको रात्री बॅटरी धरून पाण्याच्या दंडावर उभी राहायची, एकदा पायाजवळून साप गेला, तेव्हापासून त्यांनी रात्रीची पाळी सोडायला सुरुवात केली. आळस वगैरे काही नव्हतं. पाळी साडेतीन दिवसांवर आणली आणि दोघांनाही दिवस-रात्र सारखीच मिळायला लागली.

यात माझी हुशारी काही नाही. दोघे एकमेकांच्या स्वभावाबद्दल बोलत होते, कोण कुठल्या वेळी शेतात होता याबद्दल कुणी बोललंच नव्हतं. तुमच्या पाळीचंही असंच काहीतरी असू शकेल. तुम्ही चाकणला, पाळी तुमच्या वाटेकऱ्याच्या हातात. शिवीगाळ तुमच्या भावाची आणि वाटेकऱ्याची झाली की तुमची? पत्रातून ते कळत नाही. वाटेकऱ्याच्या तोंडून ऐकलेल्या भांडणावर स्वतः भांडायला उतरू नका. एक सबंध पाळी स्वतः बांधावर उभं राहून बघा. पाण्याची पातळी किती उतरते, पुन्हा किती वेळाने भरते, किती सऱ्या भिजतात हे वहीत लिहा आणि ती वही भावापुढे ठेवा. त्यालाही त्याची वही ठेवायला सांगा.

वाटेच्या बाबतीत मात्र कायद्याची मुदत आहे, तिच्याकडे दुर्लक्ष करून चालणार नाही. आधीपासून वहिवाटीत असलेली वाट कुणी अडवली तर मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 च्या कलम 5 खाली तहसीलदारांकडे दाद मागता येते, पण अडवल्यापासून सहा महिन्यांच्या आत. वाट मुळातच नसेल आणि बांधावरून नवी हवी असेल, तर महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 चं कलम 143. लोक या दोन्हींची गल्लत करतात आणि चुकीच्या कलमाखाली अर्ज करून वर्ष घालवतात. तुमची गाडीवाट जुनी आहे, तेव्हा पहिलं कलम. सहा महिने संपत आले असतील तर अर्ज करा. "शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये" ही म्हण मला पटत नाही. मुदत घालवून बसलेल्या माणसाशी समोरचा बोलणी करायलाच येत नाही. फक्त एक करा. अर्ज दाखल करण्याच्या आदल्या दिवशी आत्याकडून सांगा: "मुदत संपते म्हणून अर्ज करतोय, बोलणी बंद करत नाही, ज्या दिवशी जमेल त्या दिवशी मागे घेईन." नोटिशीने कळणं आणि आत्याच्या तोंडून आधी कळणं यात फार फरक पडतो.

पोलिसांतल्या तक्रारींचंही असंच. किरकोळ मारहाणीसारखे काही गुन्हे आपसात मिटवता येतात. आधी फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 320 होतं, 1 जुलै 2024 पासून त्या जागी नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 359 आहे. अदखलपात्र तक्रारी पुढे रेटू नका आणि नव्या करू नका.

मात्र सगळीकडे बोलणीने भागत नाही. हत्यार काढलं गेलं असेल, घरातल्या बाईवर हात उचलला गेला असेल, आत्याला धमकावून सह्या घेतल्या जात असतील, किंवा समोरच्याने परस्पर जमीन विकायला काढली असेल, तर आधी पोलीस किंवा कोर्टाचा मनाई हुकूम, बोलणी नंतर. घाबरलेला माणूस बैठकीत "हो" म्हणतो आणि ते "हो" काही उपयोगाचं नसतं. मध्यस्थ म्हणून मी अशी प्रकरणं परत पाठवते. दुसरं असं की काही जण बोलणीचा उपयोग वेळ काढण्यासाठी करतात. म्हणून मुदत घाला. 2023 च्या कायद्याने मध्यस्थीला 120 दिवस दिले आहेत आणि दोघांची तयारी असेल तर आणखी 60. घरगुती बोलणीलाही हेच माप लावा. एक पाऊस आणि एक सुगी एवढ्यात काहीच हललं नाही, तर ते हलणार नाही.

गावातल्या पंचांबद्दल विचाराल तर, 15 ऑगस्ट 2007 ला आर. आर. पाटील गृहमंत्री असताना महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू झाली आणि गावोगाव समित्या झाल्या. ज्या गावांत समितीने खरंच शेतात जाऊन पाहिलं, दोघांचं ऐकून घेतलं, तिथले समझोते आजही टिकून आहेत. जिथे पुरस्कारासाठी मिटलेल्या तंट्यांचा आकडा फुगवायला सह्या घेतल्या, तिथली भांडणं माझ्यापुढे पुन्हा आली. तुमच्या गावची समिती कशी आहे ते तुम्हालाच माहीत. चांगली असेल तर मोजणीच्या दिवशी दोन जाणत्या सभासदांना उभं करा. पण दबाव आणायला माणसं जमवू नका. चारचौघांत मान खाली घालावी लागलेला माणूस ती गोष्ट विसरत नाही.

ठरलं की लिहायचं. शिवकाळात आणि पेशवाईत गोतसभा (गावकऱ्यांची आणि वतनदारांची न्यायसभा) निवाडा करायची तेव्हा महजर (निवाड्याचा लेख) व्हायचा आणि त्यावर हजर असलेल्यांच्या सह्या-निशाण्या पडायच्या, पाटलाची निशाणी नांगर. निवाड्याच्या वेळी कोण कोण होतं हे पुढच्या पिढीला कळावं हा त्यातला शहाणपणा. आज आपल्याकडे याहून पक्के मार्ग आहेत आणि ते स्वस्त आहेत. तुमच्या कामाचे दोन.

पहिला लोकअदालतीचा. दावा दाखल नसला तरी दाखलपूर्व प्रकरण म्हणून तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो. तिथे झालेल्या तडजोडीला दिवाणी हुकूमनाम्याचं बळ असतं, त्यावर अपील नाही, आणि दावा आधीच चालू असेल तर भरलेली कोर्ट फी परत मिळते. बांध, पाणी आणि वाट या तिन्हींचं जे ठरेल ते यात बसवता येईल.

दुसरा सलोखा योजनेचा. पूर्वी सरकारने जमिनीचे विखुरलेले तुकडे एकत्र करून गट पाडले तेव्हा आणि तोंडी वाटण्यांतही असं बरंच झालं की सातबारा एकाच्या नावे आणि नांगर दुसऱ्याचा, आणि उलट. अशा अदलाबदलीसाठी राज्य सरकारने जानेवारी 2023 मध्ये ही योजना आणली. ताबा किमान 12 वर्षांचा हवा, तलाठी आणि मंडळ अधिकाऱ्यांचा पंचनामा हवा आणि दोघांची संमती हवी. मग अदलाबदलीच्या दस्ताला मुद्रांक शुल्क 1000 रुपये आणि नोंदणी फी 1000 रुपये, बस. एरवी बाजारभावाने शुल्क भरावं लागलं असतं. योजना सुरुवातीला दोन वर्षांची होती, पुढे मुदत वाढली; अर्जाआधी दुय्यम निबंधकांकडे चौकशी करून घ्या. तुमचा मागचा-पुढचा तुकडा याच योजनेचा विषय आहे. पण नुसती तुमची तयारी असून भागणार नाही, त्याचीही सही लागते. तुमचा भाऊ आज बोलत नसला तरी त्याचंही एक काम तुमच्याकडे अडलेलं आहे हे त्याला कळलं पाहिजे. त्याच्या नावावर नसलेल्या तुकड्यावर त्याला पीककर्ज काढता येत नाही, विम्याला अडचण, अनुदानाला अडचण. आत्याकडून हा मुद्दा पोचवा. माझ्या मते तो बोलायला बसेल तो याच कारणाने.

आत्यांचा हिस्सा ठरला की मग संपूर्ण वाटणी नोंदवायची. शेतजमिनीच्या वाटणीपत्राला मुद्रांक शुल्क नाममात्रच आहे, आणि सगळ्या सहधारकांची संमती असेल तर जमीन महसूल संहितेच्या कलम 85 खाली तहसीलदारांकडूनही वाटप करून घेता येतं. यातला क्रम बदलू नका: आधी आत्यांचा हक्क, मग वाटणी किंवा अदलाबदल, मग हद्दीचे दगड. अनेक जण दगडांपासून सुरू करतात आणि वारसांवर येऊन अडकतात.

या महिन्यात करायचं ते एवढंच. आजोबांपासूनचे सगळे फेरफार आणि जुने सातबारे तहसीलच्या अभिलेख कक्षातून काढा. त्यांची एक प्रत भावासाठीही काढा, खर्च तुमचा. आत्यांना जाऊन भेटा, फोनवर नको. वाट अडवली तो दिवस वहीत लिहा आणि सहा महिने कधी भरतात ते पाहा. मोटरीचं बिल भरा. त्याने फोन उचलला नाही तर पुन्हा पुन्हा करू नका, प्रत आणि पावती आत्याच्या हाती देऊन या. दस्त नोंदवला गेला तरी फेरफार मंजूर होऊन नवा सातबारा हातात पडेपर्यंत काम पुरं झालं असं समजू नका, आणि तो आणायला शक्यतो दोघे मिळून तलाठी कार्यालयात जा.